गच्चीवर माकिवारा: खड्डा न खणता कसा बसवायचा?

गिरगावकर: गोजू-र्यू (कराटेची ओकिनावातली एक शैली) शिकतोय. सोसायटीच्या गच्चीवर माकिवारा (ठोशांच्या सरावासाठीची, दोरी गुंडाळलेली उभी फळी) उभारायचाय, परवानगी मिळाली आहे. पण खणता येत नाही आणि जुलैत पेंढ्याच्या दोरीला बुरशी धरते. फळी कशी घ्यावी?

मुलुंडकर: बिनगाठीची, सरळ रेषांची घ्या. चीर गाठीपाशीच जाते. रुंदी 9-10 सेंमी, बुडाशी जाडी 7-8 सेंमी, वरच्या टोकाला साधारण दीड. उतार मागच्या बाजूने रंधून काढा. ठोशाने फळी मागे वाकून परत आली पाहिजे; वरपर्यंत सारखी जाड ठेवलीत तर तो नुसता खांब, सगळा धक्का मनगटात आणि कोपरात. गच्चीत ड्रिल अजिबात मारू नका, वॉटरप्रूफिंग फुटून खालच्या घरात गळती होईल. जाड लोखंडी प्लेटवर चॅनेल वेल्ड करून त्यात फळी बोल्टने आवळा, प्लेटवर वाळूची पोती ठेवा. पावसाळ्यात फळी काढून घरात.

पार्लेकर: पेंढ्याऐवजी सुती दोरी घट्ट गुंडाळा. काथ्या नको, कातडी सोलते. दोरीचा मध्य छातीच्या मध्याच्या उंचीवर हवा. तर्जनी आणि मधल्या बोटाचे उंचवटेच टेकले पाहिजेत, मनगट सरळ. सुरुवातीला प्रत्येक हाताने 10-15 हलके ठोसे पुरेत. सांधा सुजला तर थांबाच. लहान मुलांना तर यावर मारूच देऊ नका, त्यांची हाडं वाढायची असतात.

मुलुंडकर: आणि सांचिन (ठरावीक हालचालींचा एक क्रम, म्हणजे काता) सोडू नका. गोजू-र्यूचे संस्थापक मियागी चोजुन यांच्या परंपरेत सांचिन हा पाया. माकिवारा, ची-इशी, निगिरी-गामे (बोटांनी काठ धरून उचलायची मडकी) हा पूरक व्यायाम. ची-इशी घरीच होते: लाकडी दांड्याच्या टोकाला सिमेंटचा गोळा. ओतण्याआधी दांड्यात आडवे खिळे ठोका, नाहीतर फिरवताना गोळा निसटतो.