तपास चालू असताना जप्त झालेल्या टेम्पोचा ताबा मालकाला मिळू शकतो का?

प्रश्न

माझ्या मालकीचा टेम्पो चालकाने मला न विचारता रात्री एका भाड्यासाठी नेला आणि त्यात चोरीची तांब्याची तार सापडल्यामुळे पोलिसांनी तारेसह तो जप्त केला. गुन्ह्यात चालक आरोपी असून माझा जबाब साक्षीदार म्हणून नोंदवला आहे. या गोष्टीला अडीच महिने होत आले. टेम्पो ठाण्याच्या आवारात उन्हापावसात उभा आहे, टायर बसले आहेत, आणि फायनान्सचा हप्ता मात्र दर महिन्याला कापला जातोच. ठाण्यात चौकशी केली, की दोषारोपपत्र दाखल होईपर्यंत थांबा, एवढेच उत्तर मिळते. खरोखरच थांबावे लागते का?

उत्तर १ (फौजदारी वकिली करणारा सदस्य)

थांबण्याची गरज नाही. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ आणि ५०३ खाली संबंधित न्यायदंडाधिकाऱ्यांकडे मुद्देमाल परत मिळण्यासाठी अर्ज करता येतो. १ जुलै २०२४ पूर्वी हीच तरतूद जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ४५१ आणि ४५७ मध्ये होती. नव्या कलम ४९७ मध्ये तपासाच्या टप्प्याचा स्पष्ट उल्लेख आहे. शिवाय मालमत्ता न्यायालयापुढे हजर केल्यापासून १४ दिवसांत तिचे वर्णन तयार करणे, छायाचित्रे व गरजेप्रमाणे चित्रीकरण करून घेणे आणि त्यानंतर ३० दिवसांत विल्हेवाट, सरकारजमा किंवा ताब्याचा आदेश देणे, असा क्रम त्यात घालून दिला आहे.

सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य या निकालात म्हटले आहे, की जप्त वाहने ठाण्यात दीर्घकाळ ठेवून काहीच साधत नाही. योग्य बंधपत्र, हमी आणि तारण घेऊन दंडाधिकाऱ्यांनी लगेच आदेश द्यावेत. (त्या प्रकरणात ठाण्यातील मुद्देमाल बदलल्याचा आणि त्याचा अपहार केल्याचा आरोप पोलिसांवरच होता, हे लक्षात घेतले म्हणजे न्यायालयाचा सूर का कडक होता ते कळते.)

अर्जासोबत नोंदणी पुस्तिका, विमा, परवाना, फिटनेस, ओळखपत्र आणि जप्ती पंचनाम्याची प्रत जोडावी. न्यायालय सरकारी वकिलांचे आणि तपास अधिकाऱ्यांचे म्हणणे मागवते. अधिकाऱ्यांनी वाहनाची तपासणी पूर्ण झाल्याचे लिहून दिले, तर अर्धे काम झाले असे समजा.

उत्तर २

वरील उत्तरात एक भर घालतो. माझी दुचाकी सुटली तेव्हा न्यायालयाने घातलेल्या अटी अशा होत्या: ठरावीक रकमेचे बंधपत्र व एक जामीनदार, चारही बाजूंची तसेच चेसिस व इंजिन क्रमांकाची छायाचित्रे, खटला संपेपर्यंत रंग किंवा स्वरूप न बदलणे, वाहन न विकणे, आणि बोलावल्यास ते हजर करणे. हा ताबा म्हणजे सुपूर्दनाम्यावर (वस्तू सांभाळून बोलावल्यास हजर करण्याच्या लेखी हमीवर) मिळालेला तात्पुरता ताबा आहे. मालकीचा निकाल त्याने लागत नाही, आणि अट मोडल्यास बंधपत्राची रक्कम वसूल होते. विम्याची मुदत संपली असेल, तर आदेशाची वाट न पाहता ती आधी वाढवून घ्यावी.

उत्तर ३

सर्व गुन्ह्यांना हाच न्याय लावू नका. आपला मामला चोरीचा असल्यामुळे दंडाधिकारी सक्षम आहेत. परंतु अवैध वाळू वाहतुकीत वाहन महसूल अधिकाऱ्यांनी अडवले असल्यास महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम ४८ खालील दंड आणि बंधपत्राचा वेगळा मार्ग असतो. वनगुन्ह्यांतील वाहनांबाबत वन अधिकाऱ्यांना सरकारजमा करण्याचे स्वतंत्र अधिकार आहेत. चुकीच्या दारात अर्ज केला, तर आणखी दोन महिने जातात. अमली पदार्थांच्या खटल्यांत वाहन सोडताच येत नाही असा समज होता. जानेवारी २०२५ मध्ये विश्वजित डे विरुद्ध आसाम राज्य या निकालात सर्वोच्च न्यायालयाने अशी सरसकट बंदी नसल्याचे स्पष्ट केले.

प्रश्नकर्ता

आभारी आहे. दोन गोष्टी राहिल्या. फायनान्स कंपनी मध्ये पडू शकते का? आणि तार माझ्या अर्जातच मागावी लागेल का?

उत्तर १ (तोच सदस्य)

हप्ते थकले असल्यास कंपनी स्वतंत्र अर्ज करून तुमच्या मागणीला हरकत घेऊ शकते. म्हणून हप्ते भरल्याच्या पावत्याही जोडून ठेवा. तारेवर आपला हक्क नाही. ती ज्याची चोरीला गेली, त्या फिर्यादीने आपला वेगळा अर्ज करायचा आहे, आणि त्याचा निर्णय आपल्या टेम्पोच्या निर्णयाला अडवून ठेवण्याचे कारण नाही.