शब्दचर्चा: पॅरोल, फर्लो आणि ‘अभिवचन रजा’

प्रश्न: एका लेखाचं भाषांतर करतेय. जन्मठेपेच्या कैद्याची आई वारली आणि माणुसकी म्हणून त्याला थोड्या दिवसांचा पॅरोल मिळाला, असा प्रसंग आहे. मी ‘अनुकंपा तत्त्वावर तात्पुरता जामीन’ असं लिहिलं, पण वाचताना माझं मलाच खटकतंय. पॅरोलला मराठी शब्द आहे का?

उत्तर: खटकणारच, दोन्ही शब्द भलतीकडे नेतात. ‘अनुकंपा’ म्हटलं की आपल्याला नोकरी आठवते: वडील सेवेत असताना गेले, मुलगा अनुकंपावर लागला. आणि जामीन न्यायालय देतं, खटला किंवा अपील चालू असताना. पॅरोलवर सुटतो तो शिक्षा भोगत असलेला माणूस. तुरुंगाच्या कागदांत त्याला ‘सिद्धदोष बंदी’ म्हणतात, खटला चालू असलेल्याला ‘न्यायाधीन बंदी’.

मराठी शब्द आहे, आणि चांगला आहे: अभिवचन रजा. महाराष्ट्रात फर्लो आणि पॅरोलचे नियम १९५९चे आहेत. त्यातल्या पॅरोलला अभिवचन रजा म्हणतात आणि फर्लोला संचित रजा. ‘पॅरोल’ हा मुळात फ्रेंच शब्द, अर्थ ‘शब्द’ किंवा ‘वचन’. युद्धात पकडलेला अधिकारी पळून न जाण्याचा शब्द देई आणि त्या शब्दावर त्याला मोकळं सोडत. तो शब्द ‘अभिवचन’मध्ये आला. शिवाय ‘रजा’चा मूळ अर्थ परवानगी, ‘आता रजा घेतो’ म्हणतो तोच. म्हणजे परत येण्याच्या वचनावर मिळालेली परवानगी. सरकारी परिभाषा इतकी नेमकी क्वचितच सापडते!

प्रश्नकर्ती: मग संचित रजा वेगळी कशी? बातम्यांत दोन्ही सरमिसळ दिसतात.

उत्तर: सरमिसळ होतेच, ‘पॅरोल रजेवर जामीन’सुद्धा वाचलंय. पॅरोलला कारण लागतं: घरचं कुणी गेलं, कुणी गंभीर आजारी आहे, घर पडलं, पूर आला. फर्लोला असं खास कारण लागत नाही. वर्षानुवर्षं आत राहिलेल्याचा घराशी धागा तुटू नये, म्हणून ती ठरावीक काळाने मिळते. सर्वोच्च न्यायालयाने २०१७च्या अस्फाक खटल्यात हा फरक नीट मांडलाय. हिशोबातही फरक आहे. आपल्याकडच्या नियमांप्रमाणे संचित रजेचे दिवस शिक्षेत मोजले जातात, अभिवचन रजेचे जात नाहीत. आईच्या तेराव्यापर्यंत घरी राहिलात, तर तेवढे दिवस पुढे आत काढायचे.

‘संचित’ शब्द मात्र मला पटत नाही. साठलेली रजा असा अर्थ अभिप्रेत असावा, पण मराठी माणसाला संचित म्हटलं की प्रारब्ध आणि क्रियमाण आठवतं. तुरुंगातल्या माणसाला संचित रजा म्हणजे क्रूर विनोदच वाटतो.

आणखी एका वाचकाची भर: लेख अमेरिकेतला असेल तर जपून. तिथे पॅरोल म्हणजे बहुधा उरलेली शिक्षा बाहेर, देखरेखीखाली काढणं. चार दिवसांनी परतायचं नसतं, तेव्हा ‘रजा’ चालणार नाही. तिथल्या स्थलांतराच्या कायद्यातही ‘मानवतावादी पॅरोल’ आहे. ती परदेशी माणसाला देशात तात्पुरतं येऊ देण्याची परवानगी, तुरुंगाशी तिचा संबंध नाही.

प्रश्नकर्ती: लेख भारतातलाच आहे. ‘मानवतावादी कारणांसाठी’ लिहू?

उत्तर: कशाला? अर्जात लोक ‘मानवतेच्या दृष्टिकोनातून विचार व्हावा’ लिहितात, ते अर्जात ठीक. कोविडच्या काळात कैदी सोडले तेव्हा ‘आकस्मिक अभिवचन रजा’ असा शब्दप्रयोग बातम्यांत आला होता, तोही ओळखीचा आहे. तुमच्या वाक्यात मी एवढंच लिहीन: ‘आईच्या अंत्यविधीसाठी त्याला अभिवचन रजा (पॅरोल) मिळाली.’ आई गेलीय, माणुसकी वेगळी सांगायची गरज नाही. कंस पहिल्यांदाच द्या, पुढे नुसतं ‘पॅरोल’ लिहिलं तरी चालेल. फक्त तेव्हा तो ‘मिळाला’.