कामगार न्यायालयाने बडतर्फी रद्द केली, मालक हायकोर्टात. पुढे काय?

प्रश्न: मुंबईच्या कामगार न्यायालयाने 2023 मध्ये औद्योगिक विवाद कायद्याखाली कामगाराला मागील पगारासह परत घ्यायचा निवाडा दिला. कंपनीने त्याविरुद्ध रिट (हायकोर्टाच्या देखरेखीच्या अधिकाराखालची याचिका) केलीय. हायकोर्ट साक्षीपुरावे पुन्हा तपासतं का?

उत्तर 1: नाही, हे अपील नव्हे. निष्कर्षाला पुरावाच नसेल, महत्त्वाचा कागद डावलला असेल किंवा अधिकारकक्षा ओलांडली असेल, तरच हस्तक्षेप होतो.

उत्तर 2: कंपनीला निवाड्यावर स्थगिती मिळाली तरी औद्योगिक विवाद कायद्याच्या कलम 17-ब चा अर्ज लगेच टाका. रिट चालेपर्यंत शेवटचा पूर्ण पगार मागता येतो. मात्र दुसरीकडे नोकरी नसल्याचं प्रतिज्ञापत्र हवंच. त्याशिवाय अर्ज अडतो, आणि घर तर रोज चालवायचं असतं.

उत्तर 3: तक्रार 1971 च्या अनुचित कामगार प्रथा कायद्याखाली असती, तर आधी औद्योगिक न्यायालयात कलम 44 चं पुनरीक्षण (निकालाची फेरतपासणी), मग रिट.