रूट्सचा ‘डू यू वॉन्ट मोअर’: बँड स्वतः वाजवतो म्हणून जास्त जॅझ का?

धागाकर्ता:
जॅझ-रॅप, म्हणजे जॅझ मिसळलेलं रॅप म्हटलं की लोक लगेच रॅपर गुरूचा ‘जॅझमटॅझ’ (१९९३) हा अल्बम पुढे करतात. भारी आहेच तो, डोनाल्ड बर्डचा ट्रम्पेट, रॉय एअर्सचा व्हायब्राफोन (धातूच्या पट्ट्यांचं वाद्य), कोण नाही त्यात. पण रूट्स या रॅप-बँडचा १९९५चा हा ‘डू यू वॉन्ट मोअर’ मला त्याच्या कितीतरी पुढचा वाटतो. तिकडे मोठी माणसं येऊन दोन कडव्यांच्या मधे वाजवून जातात, इकडे फिलाडेल्फियाची पोरं एकमेकांचं ऐकत वाजवतात. ‘एसेव्हुमन’ ऐका, लाइव्ह ट्रॅक आहे, त्यांचा रॅपर ब्लॅक थॉट तोंडाने एक तुकडा फेकतो आणि वाजवणारे आळीपाळीने त्याला उत्तर देतात, चक्क सवालजवाब! सॅम्पलवर, म्हणजे जुन्या रेकॉर्डमधून उचललेल्या तुकड्यावर, हे होऊच शकत नाही.

खर्ज:
नाही पटलं. एका ट्रॅकवरून अख्खा अल्बम जॅझ कसा काय? बाकी गाण्यांत रूट्सचा ड्रमर क्वेस्टलव्ह मुद्दाम मशीनसारखा वाजवतो, स्नेअर ड्रम कोरडा, ठेका जागचा हलत नाही. म्हणजे लूपच (तोच तुकडा पुन्हा पुन्हा) की, फक्त हाताने वाजवलेला. उलट ट्राइब कॉल्ड क्वेस्ट या रॅप-ग्रुपचा ‘द लो एंड थिअरी’ (१९९१) घ्या, जॅझ बासवादक रॉन कार्टर प्रत्यक्ष एकाच गाण्यात आहे, बाकी बहुतेक जुन्या रेकॉर्डमधले तुकडे, तरी जॅझ त्यातच जास्त मुरलाय. कुठला तुकडा कुठे कापायचा यालाही कान लागतो राव.

धागाकर्ता:
कान लागतोच, पण ठेका धरून ठेवणं हा दोष कधीपासून झाला? ठेका पक्का आहे म्हणून तर ब्लॅक थॉट ओळ मागे खेचू शकतो, मधेच तोडू शकतो. आणि शीर्षकगीतात रूफस हार्लीचा बॅगपाइप आहे, बॅगपाइपवर जॅझ वाजवणारा माणूस! शिवाय सॅक्सोफोनवाला स्टीव्ह कोलमन, जॅझ गायिका कसांड्रा विल्सन आहेत. हे लूपवाल्यांचं डोकं नाही.

मध्यलय:
कोलमन, विल्सन हेही पाहुणेच ना मग? ते चालतात आणि गुरूचे चालत नाहीत, हे काही बरोबर नाही. तोवर बर्ड, एअर्स यांच्या जुन्या रेकॉर्ड रॅपवाले सॅम्पल करत होते, गुरूने त्या माणसांनाच स्टुडिओत बोलावलं आणि कव्हरवर नावं छापली. ‘जॅझमटॅझ’मधल्या ‘लाउंजिन’मध्ये बर्डचा ट्रम्पेट नुसता मधल्या जागा भरत नाही, गुरूचा आवाज सपाट आहे आणि गाण्याची चाल तो ट्रम्पेटच धरतो, तो काढला तर गाणं उरतच नाही.

खर्ज:
लाउंजिनबद्दल शंभर टक्के सहमत. रूट्सबद्दल अजूनही नाही.