फ्लॅक हवे की चांगले मास्टरिंग हवे?

मांडवीकाठ: "मेटॅलिका लॉसलेसमध्ये ऐकली नसेल तर ऐकलीच नाही" हे मेटॅलिका या मेटल बँडबद्दल येथे काल कोणीतरी लिहिलेले वाक्य मला पटत नाही. (लॉसलेस म्हणजे मूळ आवाजातले काहीही न गमावणारी फाइल; फ्लॅक हा तिचाच एक प्रकार.) बँडच्या 2008 च्या 'डेथ मॅग्नेटिक' या अल्बमचे मास्टरिंग, म्हणजे अंतिम प्रतीच्या आवाजाची जुळवणी, करताना आवाज इतका चढवला गेला की ध्वनिलहरींची टोकेच छाटली गेली. 'गिटार हीरो' या खेळासाठी दिलेली तीच गाणी अधिक मोकळी वाटतात, हे चाहत्यांनी तेव्हाच दाखवून दिले होते. फ्लॅक ती छाटणीही इमानाने जपते, त्याहून अधिक काही नाही.

फोंड्याचा ड्रमर: ते वाक्य माझेच आहे आणि मी ते मागे घेणार नाही. एका बिघडलेल्या अल्बमवरून निकाल देता येत नाही. 1986 चा 'मास्टर ऑफ पपेट्स' सेकंदाला 128 किलोबिटच्या एमपी3मध्ये ऐका. सिंबलचा, म्हणजे ड्रमच्या झांजांचा, नाद विरतो आणि मागे नुसती सळसळ उरते. सीडीचा प्रवाह 1411 किलोबिटचा असतो, आणि फ्लॅकमधून त्यातले काहीही गळत नाही.

मडगाव बास: तुम्ही दोघे सिंबलवर भांडता, पण 1988 च्या 'अँड जस्टिस फॉर ऑल'मधील बास गिटारबद्दल कोणीच बोलत नाही! आधीचा बासवादक क्लिफ बर्टन याच्या मृत्यूनंतर आलेल्या जेसन न्यूस्टेडचा बास मिश्रणातच इतका खाली ठेवला गेला की कोणत्याही फाइलमध्ये तो सापडत नाही, आणि 2018 च्या रीमास्टरनेही (नव्याने केलेल्या मास्टरिंगनेही) तो वर आणला नाही. मी स्वतः लग्नसमारंभांत बास वाजवतो. ध्वनियंत्रणा सांभाळणारा माणूस पहिल्या गाण्यालाच माझा आवाज उतरवतो, म्हणून हा अन्याय मला जिव्हारी लागतो.

मांडवीकाठ: म्हणजे तुम्ही माझेच म्हणणे सिद्ध केलेत.

फोंड्याचा ड्रमर: मुळीच नाही! बास बँडने दाबला. त्याचा दोष फाइलवर कसा येतो? आणि 320 किलोबिटचे एमपी3 पुरेसे आहे असे म्हणणारे बहुतेक जण ब्लूटूथवर ऐकतात, जेथे आवाज पुन्हा एकदा आवळला जातो.

डिचोलीकर: माझ्या वडिलांच्या कॅसेटींना आपल्याकडच्या पावसाळ्यात बुरशी लागली आणि त्या गेल्या. म्हणून उरलेल्या सीडी मी फ्लॅकमध्ये उतरवल्या. फ्लॅकपासून एमपी3 केव्हाही करता येते, उलट केल्यास मात्र गळलेला आवाज परत येत नाही.

मांडवीकाठ: जतनासाठी फ्लॅक हवे, एवढे मी नाइलाजाने मान्य करतो. ऐकण्याबाबत मात्र नाही. एकाच मास्टरची फ्लॅक आणि 320 किलोबिटची प्रत समान पातळीवर आणून, कोणती कोणती हे न सांगता तुम्हाला ऐकवतो. वारंवार अचूक ओळखलीत तर पुढे बोलू.

फोंड्याचा ड्रमर: ऐकवा. पण हेडफोन तारेचे हवेत आणि गाणी मी निवडणार.