लेकीच्या डब्यावर काय नाव घालू? चार-पाच शब्दांत सांगायचंय

सोलापूरकर_बाबा

नमस्कार मंडळी. माझी धाकटी बंगळुरूला नोकरीला चाललीय, पहिलीच नोकरी, पुढच्या बुधवारचं उद्यान एक्सप्रेसचं रिझर्वेशन झालंय. तिच्यासाठी स्टीलचा दोन कप्प्यांचा डबा घेतला. दुकानदार म्हणाला नाव घालून देतो, काय घालायचं सांगा. मी म्हटलं उद्या सांगतो, आणि चार दिवस झाले मला सुचेना.

तो सगळ्यांना "चि. अमकी हिस आई-बाबांकडून सप्रेम भेट" घालून देतो. लग्नातल्या भांड्यांवर ते ठीक आहे, पण हा डबा ती रोज दुपारी एकटी उघडणार, तिथे आहेराची भाषा कशाला.

तिला घरात आम्ही बयो म्हणतो. तिच्या आईची सकाळची शाळा (ती शिक्षिका), त्यामुळे दहावीपर्यंत बयोच्या वेण्या मीच घालायचो. दोन वेण्या, लाल रिबीन. घट्ट झाली की ती बोलायची नाही, आरशातून नुसती माझ्याकडे बघायची, मग मी सोडून परत घालायचो. एवढी वर्षं आमचं असंच चाललंय, बोलून काही नाही. आता ती जाणार म्हटल्यावर पोटात कालवतंय आणि सांगायचं खूप आहे पण जागा झाकणाएवढी. व्हॉट्सअपवर फिरतात तसले सुविचार नकोत. आणि ऑफिसातल्या बाकीच्या मुलींसमोर डबा उघडताना तिला अवघडल्यासारखं होऊ नये. काय लिहू सांगा.

भांडीवाला_नाशिक

काका, आमचं भांडी बाजारात दुकान आहे, दिवसाला पंधरा-वीस नावं घालतो त्यामुळे आधी कामाचं सांगतो. जोडाक्षरं कमी ठेवा, मशीनची सुई पातळ पत्र्यावर थरथरते आणि "प्रे" "स्ने" वगैरे अक्षरं चिरडतात. तळाला बाहेरून घातलं तर घासून घासून दोन-चार वर्षांत पुसट होतं. झाकणाच्या आतून घातलं तर राहतं, फक्त चटणीचं तेल खाचांत बसतं, तिला ब्रशने घासायला सांगा.

आजोबांच्या वेळी पितळेवर छिन्नीने टिंब टिंब मारून नाव काढायचे, एकेक अक्षर ठोकायचं म्हणजे वेळ जायचा म्हणून लोक मोजकंच सांगायचे. आणि तेव्हा नाव घालायचं कारणही वेगळं होतं, लग्नकार्यात भांडी एकमेकांकडे जायची आणि परत येताना घोळ व्हायचा. माझ्या आत्याच्या तांब्यावर आजोबांनी फक्त गावाचं नाव घातलंय, माहेरच्या गावाचं. आत्या ७० च्या पुढे आहे, अजून पाणी त्याच तांब्याने पिते, दुसऱ्या कुणाला हात लावू देत नाही.

निवृत्त_टपालवाला

मी पोस्टात ३४ वर्षं काढली, त्यातली बरीचशी खेड्यातल्या ऑफिसात. तुमचा प्रश्न वाचून मनीऑर्डरचं कूपन आठवलं. जुन्या फॉर्मला खाली एक पट्टी असायची, पैसे देताना पोस्टमन ती फाडून घेणाऱ्याच्या हातात द्यायचा, आणि त्या पट्टीवर मजकुराला तीन-चार ओळींची जागा. होस्टेलवरच्या पोरांना घरचं जे काही कळायचं ते पुष्कळदा तेवढ्यातच. तारेला शब्दागणिक पैसे पडायचे म्हणून लोक तारेत काटकसर करायचे हे सगळ्यांना माहितीय, (तारही २०१३ च्या जुलैत बंद झाली) पण कूपनवरचा मजकूर फुकट होता, तरी लोक कमीच सांगायचे.

एक शेतकरी दर महिन्याला यायचे, लिहिता येत नव्हतं, मुलगी डी.एड.ला होती. ते सांगायचे आणि मी लिहायचो. बहुतेक वेळा "पैसे मिळाले की कळव" एवढंच. एकदा पैसे मोजून दिले आणि खिडकीशी नुसते उभेच राहिले, मागे रांग लागली, मी म्हटलं लिहू ना नेहमीचं? म्हणाले, नको, आज असं लिहा, "गाय व्याली. कालवड झाली. नाव तुझंच ठेवलं."

लिहिताना माझाच हात थांबला. त्यात प्रेम नाही, आठवण नाही, असला एकही शब्द नाही. पण होस्टेलच्या दारात ती पट्टी हातात पडल्यावर त्या पोरीला काय वाटलं असेल ते मला आजही डोळ्यासमोर येतं. साहेब, तुमच्या घरात बयोचं असं काय आहे जे दुसऱ्या कुठल्याच मुलीचं नाही, ते शोधा. मला तरी त्या वेण्यांतच काहीतरी आहे असं वाटतं.

गिरकी

मी मुलगी म्हणून लिहिते. माझी एकच विनंती आहे, "आई-बाबांकडून" असं जोडीने नका घालू. आमच्याकडे बाबांचं सगळं कायम आईमार्फत आलं. फोन आईचा, आणि शेवटी आई म्हणणार "बाबा विचारत होते गं". ताप आला, बाबा विचारत होते. प्रमोशन झालं, बाबा विचारत होते. मागून टीव्हीचा आवाज यायचा म्हणजे ते तिथेच बसलेले असायचे. मला आईकडून खूप मिळालं पण बाबांच्या स्वतःच्या आवाजातलं एक वाक्य हवं होतं, कसलंही, ते अजूनही हवंय. तुम्ही निदान विचार करताय, चार दिवस करताय, मला वाचून बरं वाटलं. तर जे काय घालाल ते तुमचं एकट्याचं असू दे, तुम्ही तिच्याशी ज्या भाषेत बोलता त्याच भाषेत. दुकानदाराच्या नको आणि आमच्यापैकी कुणाच्याही नको.

माजघर

"जेवलीस का?" घाला की! झाकणाच्या आतून. आपल्याकडे यापेक्षा मोठं काय असतं.

गिरकी

@माजघर छान आहे पण ज्या दिवशी तिला कामामुळे डबा उघडायलाच चार वाजतील त्या दिवशी ते वाचून तिला रडू येईल. प्रश्न विचारला की उत्तर द्यावं लागतं ना. तिला उत्तर द्यावं लागणार नाही असं काहीतरी हवं.

ओवीवाली

थोडं वेगळं सांगते. जात्यावरच्या ओव्या बघा. पुण्याच्या हेमा राईरकर आणि गी पॉइट्व्हाँ यांनी गावोगाव फिरून एक लाखाच्या वर ओव्या जमवल्या, आता त्या पारीच्या (पीपल्स आर्काइव्ह ऑफ रुरल इंडिया) वेबसाइटवर आहेत, ऐकायलाही मिळतात. बहुतेक ओव्या दोनच ओळींच्या. लेकीला त्यात मैना म्हणतात आणि लेकाला राघू. आणि त्या बाया लेकीवरची माया मायेचं नाव घेऊन फारशी सांगत नाहीत हो, तिच्या वाटेबद्दल सांगतात, चोळीबद्दल, तिला आणायला गेलेल्या भावाबद्दल. आईने दळता दळता गायचं आणि लेक दहा कोसांवर सासरी, तिच्यापर्यंत ते पोचायचंही नाही. तुमचं तर रोज दुपारी पोचणार आहे.

आणि जुन्या पत्रांतलं "चि." विसरू नका. चिरंजीव, म्हणजे पुष्कळ जग. माझे वडील व्हॉट्सअपवर सुद्धा नावाआधी चि. लावतात.

सोलापूरकर_बाबा

सगळ्यांचे मनापासून आभार. टपालवाले साहेबांची कालवड मी घरात मोठ्याने वाचून दाखवली, बयोची आई उठून आत गेली.

काल नाव घालून आणलं. सांगतो काय झालं ते. परवा सकाळी बयो बँकेत निघाली होती, दारातून नेहमीसारखं म्हणाली "बाबा, येते", मी पेपरातून मान वर न करता म्हटलं "ये". आणि तिथेच थांबलो. बालवाडीपासून हेच चाललंय. जाते म्हणायचं नाही हे तिला तिच्या आजीने शिकवलं आणि तेव्हापासून रोज ती येते म्हणते, मी ये म्हणतो. शाळा, क्लास, कॉलेज, किती हजार वेळा झालं असेल. बुधवारी स्टेशनवर पण हेच होणार, फक्त तिथे मला ते नीट म्हणता येईल का माहिती नाही.

तर झाकणाच्या आतून "ये" घातलंय. एवढंच. तळाला "चि. बयो". मशीनवाला मुलगा म्हणाला काका पुढं काय घालू, मी म्हटलं पुढं काही नाही. त्याने दोनदा विचारलं. एका अक्षराचे काय पैसे घेऊ म्हणून घेतले पण नाहीत.

गिरकी ताई, तुमचं ऐकून जोडीने घातलं नाही. बयोच्या आईने स्वतःचं वेगळं घालायला लावलं, खालच्या कप्प्यावर, "संपव". तुमच्या बाबांना एकदा तुम्हीच फोन करा, थेट त्यांच्या नंबरवर. कदाचित त्यांनाही माझ्यासारखं सुचत नसेल.

डबा आत्ता ओट्यावर पालथा घातलाय. शेंगाचटणी उद्या कुटणार आहोत, ताजी बरी.