जादूगाराने स्वतःची दुखरी गोष्ट रंगमंचावर आणावी का?

रात्रप्रयोग:
अमेरिकन जादूगार डेरेक डेलगॉडिओचा 'इन अँड ऑफ इटसेल्फ' हा जादूचा प्रयोग काल दुसऱ्यांदा पाहिला. दिग्दर्शन फ्रँक ऑझचं. न्यूयॉर्कच्या डॅरिल रॉथ थिएटरात २०१७-१८ मध्ये त्याचे पाचशेहून जास्त प्रयोग झाले, चित्रित रूप २०२१ मध्ये आलं. त्यात तो लहानपणचं सांगतो. आई समलिंगी आहे हे लोकांना कळलं आणि कुणीतरी घराच्या खिडकीतून वीट फेकली. मग समोरची वीट तो पत्त्यांनी झाकतो आणि ती नाहीशी होते. प्रेक्षकच शहरातला एक चौक निवडतात, वीट तिथे असेल असं तो सांगतो आणि प्रयोगानंतर लोक खरंच बघायला जातात. वस्तू गायब होताना आपण शंभरदा पाहिलंय. या वेळी मात्र 'कशी केली?' हे डोक्यात आलंच नाही, त्या पोराचाच विचार येत राहिला. जादूची कला अशीच मोठी होते असं मला वाटतं.

चौथी रांग:
मला हे अजिबात पटत नाही. मी फसायलाच तिकीट काढतो, पण कुठे फसायचं हे मला आधी माहीत असतं. आईची आठवण सांगितली की माझी शंका घेण्याची सोयच जाते. हात सफाईदार आहे की नाही, हे बघणंही मग निर्दयपणाचं वाटतं.
आणि ते पत्र! प्रेक्षकातल्या एकाला वर बोलावतात, तो पाकीट निवडतो, आत त्याच्याच जिवलगाचं पत्र. माणूस दीडशे अनोळखी लोकांसमोर रडतो. ते रडणं त्याचं स्वतःचं आहे, टाळी मात्र जादूगाराला मिळते.

खडूफळा:
चौथी रांग यांना दुजोरा. फ्रेंच जादूगार रोबेर-उदँने १८४७ मध्ये पॅरिसमध्ये स्वतःच्या मुलाला अधांतरी झोपवलं. ईथर हे भुलीचं औषध हुंगवल्याने शरीर हलकं होतं, अशी गोष्ट रचली होती. ईथर तेव्हा नवलाईचं होतं, थिएटरात त्याचा वासही दरवळायचा. लोकांनी पत्रं पाठवली की मुलाच्या जिवाशी खेळू नका. म्हणजे प्रयोगापेक्षा गोष्टीवर विश्वास जास्त!
मी शाळांमधून चमत्कारांमागची हातचलाखी उलगडून दाखवतो. नारळातून कुंकू काढलं की मुलं हसतात. तेच करताना 'माझी आई आजारी होती, तेव्हा गुरू भेटले' असं म्हटलं की वर्ग चिडीचूप होतो. बाबा-बुवांचं सगळं दुकान त्या शांततेवर चालतं.

रात्रप्रयोग:
खडूफळा, तुमचा अनुभव मोलाचा आहे, पण बुवा मागतो ती श्रद्धा आणि पैसा. डेलगॉडिओ तसं काही मागत नाही, त्यात दैवी शक्तीचा दावाही नाही. आत शिरताना प्रत्येक जण भिंतीवरून 'मी अमुक आहे' असं एक कार्ड उचलतो. शेवटी डेलगॉडिओ एकेकाच्या डोळ्यांत बघून ते ओळखतो. कुणी हसतं, कुणाचा हुंदका फुटतो. आपल्याला कुणीतरी नीट पाहिलं, एवढंच घेऊन ती माणसं घरी जातात.
पत्राचं मात्र मलाही खटकलं. वाचणाऱ्याला 'हे मोठ्याने वाचू नका' म्हणायची मोकळीक हवी.

चौथी रांग:
विटेपुरतं तुमचं मान्य. ती गोष्ट त्याची स्वतःची आहे, ती सांगायचा हक्कही त्याचाच. पत्र दुसऱ्याचं आहे.